आधी पाणी, मग मीठ, औषध सगळ्यात शेवटी : टाकीतल्या जखमी माशाचे प्रथमोपचार

सकाळी टाकीचा दिवा लावला आणि माझ्या ओरांडा जातीच्या गोल्डफिशच्या डाव्या कुशीवर चणाडाळीएवढा लाल चट्टा दिसला. खाली खडीवर दोन खवले पडले होते, कापलेल्या नखासारखे पातळ आणि पारदर्शक. मासा हीटरमागच्या कोपऱ्यात पर अंगाला चिकटवून गप्प उभा होता. रात्री काय घडलं असेल ते समोरच काचेला चिकटलेलं दिसत होतं : वीतभर वाढलेला सकर. दुकानात हा मासा ‘काच साफ करतो’ म्हणून बोटाएवढा असताना विकला जातो. मोठा झाला की काचेवरच्या शेवाळापेक्षा गोल्डफिशच्या अंगावरचा चिकट थर त्याला जास्त आवडतो, आणि रात्री संथ माशाला चिकटून तो खरवडत बसतो.

त्या सकाळी मी माशाला हात लावला नाही, औषधही शोधलं नाही. आधी बादलीत पाणी भरलं. हे शहाणपण एका जुन्या चुकीतून आलं होतं. काही वर्षांपूर्वी अशाच जखमेवर दुकानातून आणलेलं निळं औषध मी थेट मोठ्या टाकीत ओतलं. जखमी मासा तर गेलाच, पण चौथ्या दिवशी बाकीचेही पाण्याच्या वर येऊन तोंडं उघडमीट करू लागले. ते निळं औषध म्हणजे मिथिलिन ब्लू. फिल्टरमध्ये पाण्यात साठणारा विषारी अमोनिया पचवणारे जे जिवाणू असतात, ते त्याने मारले होते. जखम एका माशाला होती, विषबाधा सगळ्यांना झाली.

पुढे जे लिहिलं आहे ते गोड्या पाण्यातल्या माशांसाठी आहे : गोल्डफिश, गप्पी, मॉली, एंजल, फायटर, ऑस्कर, फ्लॉवरहॉर्न वगैरे. समुद्री माशांचं गणित उलटं असतं, त्यांना हे प्रमाण लावू नका.

जखमेतून आत शिरतं ते पाणी

आपल्याला खरचटलं तर रक्त थांबवणं आणि जंतू रोखणं एवढीच काळजी असते. गोड्या पाण्यातल्या माशाला तिसरी काळजी असते, आणि तीच सगळ्यात मोठी. त्याच्या शरीरातल्या द्रवाचा खारटपणा लिटरला सुमारे 9 ग्रॅम मिठाइतका असतो आणि बाहेरचं पाणी जवळजवळ अळणी. त्यामुळे बाहेरचं पाणी सतत त्याच्या अंगात शिरायला बघतं आणि अंगातले क्षार बाहेर निसटतात. हे थोपवून धरणारी भिंत म्हणजे त्याची त्वचा आणि त्यावरचा बुळबुळीत थर. खवले त्वचेच्या आत रुतलेले असतात आणि त्यांच्यावरून एक अगदी नाजूक पापुद्रा गेलेला असतो. म्हणून खवला उपटला की भिंतीला भोक पडतं. मूत्रपिंड रात्रंदिवस पाणी बाहेर फेकत राहतं, मासा थकतो, आणि थकलेल्या माशावर जंतू सहज चढतात.

यातून दोन गोष्टी ठरतात. तो बुळबुळीत थर हीच माशाची मलमपट्टी आहे, तेव्हा कोरड्या हाताने, टिश्यूने किंवा खरखरीत जाळीने तो पुसून काढायचा नाही. आणि पाण्यात थोडं मीठ घातलं की आतबाहेरचा फरक कमी होतो, माशाचं ओझं हलकं होतं. मीठ जखम ‘जाळतं’ म्हणून गुण येत नाही. मासा दमत नाही, म्हणून गुण येतो.

पहिली दहा मिनिटं नुसती बघण्याची

टाकीचा दिवा बंद करा, खोलीतल्या उजेडात बघा. मासा सरळ उभा आहे की कलतो आहे? कल्ले बाकीच्या माशांच्या तुलनेत किती भरभर हलताहेत? जखम एकच आहे की दोन्ही बाजूंना? फुगलेला डोळा एकच असेल तर बहुतेक मार लागलेला असतो. दोन्ही डोळे फुगले असतील तर तो आजार किंवा पाण्याचा दोष समजावा. बऱ्याच माशांवर एकाच वेळी लाल डाग दिसले तर ती मारामारी नाही, पाणी बिघडलं आहे.

मग कारण शोधा. टायगर बार्ब लांब परांच्या माशांना कुरतडतात. एका टाकीतले दोन नर सिक्लिड (ऑस्कर, फ्लॉवरहॉर्न यांच्या कुळातले मासे) जबडे धरून भांडतात. प्लास्टिकच्या किल्ल्याच्या खिडकीला साच्यातली धार राहिलेली असते. हे ओळखण्यासाठी जुनी नायलॉनची ओढणी त्या वस्तूवरून फिरवा. जिथे धागा अडकेल तिथे माशाची शेपटीही अडकेल. कारण टाकीतच राहिलं तर बरा झालेला मासा पुन्हा तिथेच जखमी होणार.

मोबाइलवर एक फोटो काढून ठेवा. उद्या जखम वाढली की कमी झाली हे आठवणीवर ठरवता येत नाही.

पाणी बदला, आत्ताच

टाकीतलं पाव ते तिसरा हिस्सा पाणी काढून ताजं भरा. तापमान हाताला तेवढंच लागलं पाहिजे. नळाच्या पाण्यातला क्लोरिन उघड्या बादलीत रात्रभर ठेवल्याने बराचसा उडतो, पण इथे रात्रभर थांबायला वेळ नसतो. म्हणून घरात अँटी-क्लोरिनची बाटली कायम असावी. त्यात बहुधा सोडियम थायोसल्फेट असतं, फोटोग्राफर ज्याला हायपो म्हणत तेच. पावसाळ्यात नळाला क्लोरिनचा वास जास्त येतो, तेव्हा तर ते घातल्याशिवाय पाणी टाकीत ओतूच नका.

टेस्ट किट असेल तर अमोनिया आणि त्यापासून बनणारं, तेही विषारीच असलेलं नायट्राइट बघा. दोन्ही शून्य हवेत. किट नसेल तर पाणी बदलणं हाच सुरक्षित अंदाज.

उपचाराचा टब

खरचटलं थोडंच असेल, मासा खातोय, पोहतोय आणि कोणी त्रास देत नाहीये, तर त्याला हलवू नका. पकडापकडीचा धक्का जखमेपेक्षा मोठा असतो. मात्र जखम खोल असेल, दुसरे मासे तिला चोची मारत असतील किंवा मासा तळाला बसून राहिला असेल, तर वेगळा टब लागतो.

15 ते 20 लिटरचा साधा प्लास्टिकचा टब पुरतो, पण त्यात कधी साबण किंवा फिनेल गेलेलं नसावं. त्यात मोठ्या टाकीतलंच पाणी भरा, म्हणजे माशाला नव्या पाण्याचा धक्का बसत नाही. तळाशी खडी नको, विष्ठा आणि उरलेलं खाणं लगेच दिसलं पाहिजे. लपायला पीव्हीसी पाइपचा जाडसर तुकडा, कडा घासून गुळगुळीत केलेला. एअर पंपावर चालणारा स्पंज फिल्टर. वर झाकण किंवा जाळी, कारण घाबरलेला मासा उडी मारतो. आणि वरून एक टॉवेल अर्धा टब झाकेल असा, अंधारात मासा शांत होतो.

एक सवय लावून घ्या : एक जादा स्पंज मोठ्या टाकीत कायम चालू ठेवा. गरज पडेल त्या दिवशी तो जिवाणूंसकट उचलून टबात ठेवता येतो. असा मुरलेला स्पंज नसेल तर टबात रोज अर्धं पाणी बदलावं लागेल.

मासा जाळीने पकडू नका. प्लास्टिकचा डबा पाण्यात बुडवा, दुसऱ्या हाताने त्याला हलकेच डब्याकडे वळवा आणि पाण्यासकट उचला. तुमच्या हाताला कापलेलं असेल तर हातमोजे घाला. टाकीच्या पाण्यात असणारा मायकोबॅक्टेरियम मरिनम नावाचा जिवाणू माणसाच्या जखमेत शिरून महिनोन्‌महिने न भरणाऱ्या गाठी करतो. टबात घालण्याआधी हात धुवायचे ते नुसत्या पाण्याने. साबण किंवा सॅनिटायझर लागलेले हात टबात नकोत.

मीठ : किती, कधी, कुणाला नाही

किराणा दुकानातलं जाडं मीठ चालतं. आयोडीनच्या मिठाने मासे मरतात असं बरेच जण सांगतात, पण त्यातलं आयोडीन इतकं कमी असतं की त्याने काही होत नाही. काळं मीठ मात्र वापरू नका, त्यात गंधकाचे क्षार असतात. एप्सम सॉल्ट हे साधं मीठ नव्हे, ते मॅग्नेशियम सल्फेट. दोन्ही एकमेकांच्या जागी वापरायची नाहीत.

प्रमाण लिटरला 1 ते 3 ग्रॅम. मी साधारण 2 ग्रॅमवर थांबतो. चमच्याने अंदाज चुकतो, कारण जाड्या आणि बारीक मिठाचा चमचा सारखा भरत नाही. स्वयंपाकघरातला वजनकाटा घ्या. 15 लिटरच्या टबाला एकूण 30 ग्रॅम होतात, पण एकदम नाही. 15 ग्रॅम सकाळी, उरलेले 15 संध्याकाळी. दर वेळी टबातलंच पाणी मगमध्ये घेऊन मीठ पूर्ण विरघळवा आणि माशापासून दूर, बुडबुड्यांच्या जवळ, धार लावून सोडा. मिठाचा खडा तळाला पडला आणि मासा त्यावर टेकला तर कातडी भाजते.

पाणी उडून जातं, मीठ जात नाही. हे लक्षात न ठेवल्याने खारटपणा नकळत वाढत जातो. उडालेल्या पाण्याची भर साध्या पाण्याने घाला. आणि 5 लिटर पाणी काढून नवं घातलं, तर फक्त त्या 5 लिटरचं मीठ, म्हणजे 10 ग्रॅम, घाला. पूर्ण टबाचं पुन्हा नाही.

मिठाचा आणखी एक फायदा असा की त्यातलं क्लोराइड नायट्राइटला कल्ल्यांतून रक्तात शिरू देत नाही. नव्या, न मुरलेल्या टबात ही मोठीच मदत असते.

कोरीडोरास आणि लोच या माशांना मीठ कमी सोसतं, त्यांना लिटरला 1 ग्रॅमच्या वर जाऊ नका. गप्पी, मॉली, गोल्डफिश चांगलं सोसतात. पाणवनस्पती आणि गोगलगायी असलेल्या मोठ्या टाकीत मीठ घालू नका, म्हणून तर टब वेगळा. पाच ते सात दिवस पुरे होतात.

फायटरसाठी मी मिठाबरोबर बदामाचं पानही वापरतो. रस्त्याकडेला, शाळांच्या आवारात जे पसरट फांद्यांचं देशी बदामाचं झाड असतं, त्याचं आपोआप गळलेलं, पूर्ण तपकिरी, वाळलेलं पान. स्वच्छ धुऊन 15 लिटरला एक पुरतं. पाणी कोऱ्या चहाच्या रंगाचं होतं, त्यातल्या टॅनिनमुळे बुरशीला थोडा आळा बसतो. हिरवं पान नको, धुरळ्यात आणि गाड्यांच्या धुरात पडलेलंही नको.

जखम कुठे, तसा उपचार

परांची आणि शेपटीची फाटलेली कड ही सगळ्यात सोपी जखम. पाणी स्वच्छ ठेवा, तिला दुसरं काही लागत नाही. काही आठवड्यांत पर भरून येतो. मुळापासून तुटलेला पर मात्र पुन्हा येईलच असं नाही.

उडी मारून बाहेर पडलेला मासा सुकलेला दिसला, अंगाला धूळ लागलेली असली तरी मेला असं धरू नका. हात ओले करा, उचला आणि लगेच टाकीच्याच पाण्यात सोडा. नळाखाली धरून धूळ धुऊ नका, पाण्यात ती आपोआप सुटते. एअर पंपाच्या बुडबुड्यांजवळ त्याला दोन बोटांत हलकेच सरळ धरा, तोंड पाण्याच्या प्रवाहाकडे. मागेपुढे हिसके देऊन ‘पोहायला लावू’ नका, उलटं पाणी कल्ल्यांना इजा करतं. कल्ले हलायला लागले की सोडून द्या आणि टाकी झाका. ज्या दिवशी पडला त्या दिवशी ठीक वाटलेला मासा तिसऱ्या दिवशी बुरशीने जातो, तेव्हा अशा माशाला मिठाचा टब द्याच.

फिल्टरच्या तोंडाला चिकटलेला मासा ओढून काढू नका. आधी फिल्टर बंद करा. ओढ थांबली की तो स्वतःच सुटतो. धडधाकट मासा सहसा असा ओढला जात नाही, त्यामुळे तो आधीपासून आजारी होता का तेही बघा. फिल्टरच्या तोंडावर स्पंजचा तुकडा चढवा.

कोरीडोरास किंवा दुसरा कॅटफिश जाळीत अडकला तर जाळी कापा, मासा ओढू नका. त्याच्या छातीच्या पराचा काटा ताठ होऊन कुलपासारखा अडकतो, ओढला की मुळातून निखळतो. जाळी दुकानात पुन्हा मिळते.

गोल्डफिश खडी चघळतो आणि कधी एखादा खडा घशाशी अडकतो. तोंड उघडंच राहिलेलं दिसतं, खाता येत नाही. काही तास वाट बघा, पुष्कळ मासे स्वतः थुंकतात. नाहीच निघाला तर ओल्या हातात मासा घेऊन डोकं खाली करा आणि घशाच्या खालच्या बाजूने, खड्याच्या मागून पुढे, अंगठ्याने हळू दाब द्या. बोथट चिमटा शेवटचा उपाय. बाहेर एका वेळी पंधरा-वीस सेकंदांपेक्षा जास्त नको, मध्ये पाण्यात श्वास घेऊ द्या.

हीटरला टेकून भाजलेल्या माशाला पांढरट, सरळ रेघेसारखा डाग येतो. मिठाचा टब, आणि हीटरवर जाळीदार आवरण. एक डोळा गेलेला मासा वर्षानुवर्षं जगतो. त्याच्या चांगल्या डोळ्याच्या बाजूने खाणं टाकायचं, एवढंच.

औषधाची वेळ

पहिले दोन दिवस पाणी, मीठ आणि अंधार यांवर बहुतेक जखमा मार्गाला लागतात. जखमेवर कापसासारखं पांढरं लोंबायला लागलं तर ती बुरशी. तेव्हा मिथिलिन ब्लू, पण फक्त टबात आणि बाटलीवर लिहिलेल्या प्रमाणातच. तेव्हापासून टबाचा फिल्टर निकामी झाला असं धरून रोज पाणी बदला, बदललेल्या पाण्यापुरतंच औषध पुन्हा घाला.

पिवळट-पांढरा, सपाट लेप पाठीवर खोगिरासारखा पसरत असेल तर ती बुरशी नसून कॉलम्नॅरिस हा जिवाणू असण्याची शक्यता मोठी. तो उष्ण पाण्यात वेगाने वाढतो. म्हणून जखमी माशासाठी हीटर 30 अंशांवर नेण्याची जी सवय आहे ती घातक ठरते. शिवाय पाणी तापलं की त्यातला ऑक्सिजन घटतो. उष्ण कटिबंधातल्या माशांना 25-26 अंश, गोल्डफिशला 20 ते 24 पुरे.

मोठ्या माशाची, म्हणजे ऑस्कर, फ्लॉवरहॉर्न, कोई यांची खोल जखम पोव्हिडोन आयोडीनने टिपता येते. औषध दहापट पाण्यात पातळ करा. ओल्या मऊ कापडात मासा धरा, डोळे झाका, कापसाच्या काडीने फक्त जखमेवर टिपा, टबातल्या पाण्याने ओघळ धुवा आणि परत सोडा. अर्ध्या मिनिटात सगळं आटपलं पाहिजे. कल्ल्यांजवळ आणि डोळ्याजवळ हे करू नका. दोन बोटांएवढ्या माशावर तर कधीच नको.

घरात कुणीतरी हळद सुचवतंच, आणि ते मायेनेच सुचवतं. पण हळद पाण्यात विरघळत नाही, तिचे कण तरंगतात, कल्ल्यांत अडकतात आणि पाणी बिघडवतात. डेटॉल, माणसांचं मलम, टेट्रासायक्लिनची कॅप्सूल फोडून टाकणं, हेही नको. अंदाजाने टाकलेल्या अँटिबायोटिकने निबर जिवाणू तेवढे मागे उरतात.

गरज वाटली तर पशुवैद्य गाठा. जाताना जखमेचे फोटो आणि पाण्याचा एक बाटलीभर नमुना न्या. वर्सोव्याची केंद्रीय मत्स्य शिक्षण संस्था, रत्नागिरीजवळ शिरगावचं मत्स्य महाविद्यालय, नागपूर आणि उदगीरची मत्स्य महाविद्यालयं इथे मत्स्यशास्त्र शिकवलं जातं. जवळ राहत असाल तर विचारून बघायला हरकत नाही.

दिवसागणिक काय दिसतं

पहिल्या दिवशी खाणं देऊ नका. मासा एक दिवस उपाशी राहिल्याने काही बिघडत नाही, उरलेल्या खाण्याने पाणी नक्की बिघडतं. दुसऱ्या दिवसापासून दोन मिनिटांत संपेल एवढंच, शक्य तर सोललेला उकडलेला वाटाणा किंवा नेहमीचेच दाणे भिजवून.

दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी लाल चट्ट्यावर धुरकट, पातळ साय आल्यासारखी दिसते. ही भरणारी त्वचा आहे. इथे घाबरून औषध ओतणारे खूप. फरक असा : साय अंगाला घट्ट बसलेली असते, बुरशी पाण्याबरोबर हलते. तसंच परांच्या फाटक्या कडेला प्लास्टिकच्या कागदासारखी पारदर्शक किनार फुटते, तोही नवा पर. खवले यायला आणखी कित्येक आठवडे लागतात.

जखम चोवीस तासांत वाढली, कडा लाल होऊन आत खड्डा पडला, किंवा वरून बघितल्यावर खवले सीताफळाच्या सालीसारखे उठलेले दिसले, तर जंतू आत पोचले आहेत. सीताफळासारखा फुगलेला मासा क्वचितच परततो. तो खातही नसेल, उभाही राहू शकत नसेल, तर त्याला आणखी ताणणं योग्य नाही. लवंगेचं तेल कोमट पाण्याच्या छोट्या बाटलीत खूप हलवून दुधाळ करा आणि माशाच्या भांड्यात थोडं थोडं घाला. आधी गुंगीपुरतं, मग दर लिटरला साधारण अर्धा मिलिलिटर होईल तितकं. तो झोपेत जातो. कल्ल्यांची हालचाल थांबल्यावरही अर्धा तास तसाच राहू द्या. संडासात टाकणं, फ्रीजरमध्ये ठेवणं, तलावात सोडणं हे नको. तलावात तर बरा मासाही सोडू नका.

वीज गेली आणि पंप बंद पडला तर मगने टबातलं पाणी वीतभर उंचीवरून पुन्हा टबातच ओतत राहा, दर दहा मिनिटांनी. बॅटरीवरचा छोटा पंप महाग नसतो.

परत मोठ्या टाकीत

जखम बंद झाली की मीठ तीन-चार दिवसांच्या पाणीबदलात हळूहळू कमी करा, प्रत्येक वेळी साधं पाणी भरून. मासा संध्याकाळी, दिवा बंद असताना सोडा. सोडण्याआधी टाकीतले दगड आणि झाडं जागची हलवा. त्याच्या गैरहजेरीत बाकीच्यांनी वाटून घेतलेल्या जागा मोडतात आणि नव्याने आलेल्यावर सगळे मिळून तुटून पडत नाहीत.

माझा ओरांडा नवव्या दिवशी परत गेला. सकर त्याआधीच मोठी टाकी असलेल्या एका मित्राकडे पोचला होता. चट्ट्याच्या जागी आधी काळपट सावली आली. भरत्या जखमेभोवती गोल्डफिशला कधीकधी असा काळेपणा येतो आणि पुढे फिकट होतो. दीड महिन्यात तोही गेला. आता तिरप्या उजेडात नीट बघितलं तर दोन खवल्यांची चमक बाकीच्यांपेक्षा थोडी वेगळी दिसते.